लिव्हर वाढलंय, पांथरीही वाढलीय: म्हणजे नेमकं काय झालंय?

सोनोग्राफीचा रिपोर्ट हातात पडला की आपण तळाच्या दोन ओळी आधी वाचतो. तिथे 'माइल्ड हेपॅटोस्प्लेनोमेगॅली' असं काहीतरी छापलेलं असतं. रिपोर्ट मिळतो दुपारी, डॉक्टर बसतात संध्याकाळी सातला. मधल्या वेळात मोबाइल उघडला जातो आणि फॅटी लिव्हरपासून ब्लड कॅन्सरपर्यंत सगळं वाचून होतं. सात वाजता माझ्यासमोर येऊन बसणारा माणूस रोगाने नाही, वाचनानेच अर्धा झालेला असतो. त्या दुपारी वाचायला म्हणून हे लिहितोय.

शब्दाची फोड सोपी आहे. हेपॅट म्हणजे लिव्हर, स्प्लीन म्हणजे प्लीहा, मेगॅली म्हणजे मोठं होणं. दोन्ही अवयव नेहमीपेक्षा मोठे दिसले, एवढंच तो शब्द सांगतो. ते रोगाचं नाव नव्हे. एखाद्या घराच्या दाराशी चपलांचा ढीग दिसला की आत माणसं जमलीत हे कळतं; बारसं आहे की कुणी गेलंय, हे उंबरा ओलांडल्याशिवाय कळत नाही. हा रिपोर्ट म्हणजे तो चपलांचा ढीग. त्यामुळे "डॉक्टर, सूज उतरायचं औषध द्या" असं कुणी म्हटलं की माझी पंचाईत होते. आकारावर औषध नसतं. औषध असतं ते आत कोण जमलंय त्यावर.

दोन अवयव आणि एक शीर

लिव्हर म्हणजे यकृत, मटणाच्या दुकानात आपण ज्याला काळीज म्हणतो ते. उजव्या बरगड्यांखाली बसलेला, मोठ्या माणसात सव्वा ते दीड किलोचा ऐवज. प्लीहा त्यामानाने चिमुकली, 150 ग्रॅमच्या आसपास. ती डाव्या बाजूला, जठराच्या मागे, नवव्या ते अकराव्या बरगडीच्या आड लपलेली असते. जुन्या माणसांना तिचं मराठी नाव पक्कं ठाऊक होतं: पांथरी. हिवताप घरोघरी होता तेव्हा "पोराची पांथरी वाढलीय" हे वाक्य सर्दी-पडशाइतकं सहज बोललं जायचं. आता हिवताप कमी झाला आणि त्याबरोबर शब्दही.

पांथरी रक्त गाळते. तांबडी पेशी साधारण 120 दिवस जगते. पांथरीत तिला अतिशय अरुंद फटींतून वाकून जावं लागतं. तरुण पेशी लवचिक असते, ती निसटते. म्हातारी, ताठरलेली, जंतू शिरलेली पेशी अडकते आणि तिथेच मोडीत निघते. शिवाय पांथरी रक्तातल्या जंतूंना हेरते, आणि शरीरातल्या एकूण प्लेटलेटपैकी जवळपास तिसरा हिस्सा स्वतःजवळ बाळगून असते. हा शेवटचा मुद्दा लक्षात ठेवा, पुढे कामाला येणार आहे.

दोन्ही एकदमच का वाढतात? एक कारण म्हणजे लिव्हरमध्येही जंतू आणि कचरा गिळणाऱ्या पेशी असतात. रक्तात काही घुसलं की दोन्हीकडे कामाचा भार वाढतो आणि पेशींची भरती सुरू होते. दुसरं कारण नळजोडणीचं आहे. पांथरीतून निघणारी शीर आतड्यांकडून येणाऱ्या शिरेला मिळते, त्यांची मिळून पोर्टल व्हेन होते आणि ती सरळ लिव्हरमध्ये शिरते. म्हणजे पांथरीतलं सगळं रक्त हृदयाकडे जाताना लिव्हरमधून जातं. लिव्हर कडक झालं की रक्ताला वाट मिळत नाही. बाहेरचं गटार तुंबलं की मोरीत पाणी वर येतं, तसं रक्त मागे तुंबतं आणि पांथरी फुगते. त्याच दाबाने अन्ननलिकेच्या तळाशी असलेल्या शिराही फुगतात, आणि कधीतरी त्यातली एक फुटून रक्ताची उलटी होते.

उलट दिशेनेही वाचता येतं. पांथरी मोठी, रक्ताची उलटी झालेली, पण लिव्हर तपासावं तर ठणठणीत: लहान मुलात असं दिसलं तर पोर्टल व्हेन लिव्हरच्या बाहेरच गुठळीने बंद झालेली असू शकते. आपल्या देशात मुलांच्या रक्ताच्या उलटीचं हे एक ठळक कारण आहे आणि त्यात लिव्हर निर्दोष असतं.

हात काय सांगतो

सोनोग्राफी स्वस्त झाल्यापासून पोटाला हात लावणं कमी झालंय. मला याचं वाईट वाटतं, म्हणून जरा थांबून सांगतो.

रुग्ण उताणा, गुडघे मुडपलेले, पोट सैल. डॉक्टर उजव्या हाताला. हात गार असेल तर आधी एकमेकांवर चोळून घ्यायचे, नाहीतर पोट आपोआप घट्ट होतं. पांथरी डावीकडे वर असते, पण ती चाचपायला सुरुवात करायची उजव्या जांघेजवळून. विद्यार्थ्यांना हे पटत नाही. कारण असं, की वाढणारी पांथरी सरळ खाली येत नाही. ती तिरकी, बेंबीच्या दिशेने आणि पुढे उजव्या जांघेकडे सरकते. तुम्ही वरून सुरुवात केलीत आणि पांथरी बेंबीपर्यंत आलेली असेल, तर हात आधीच तिच्या अंगावर पडलेला असतो आणि तिची कड कधी हाताला लागतच नाही. प्रचंड वाढलेली पांथरी अशी सुटून जाते. म्हणून खालून, एकेका श्वासाला बोटभर वर सरकत. "श्वास घ्या... सोडा... परत घ्या." आत घेतलेल्या श्वासाबरोबर पांथरी खाली येते आणि बोटांना टेकून जाते. तिच्या कडेला एक खाच असते. ती लागली की मग ही किडनी नाही, पांथरीच आहे, याबद्दल शंका उरत नाही.

पांथरी हाताला लागते ती बहुधा दुप्पट-तिप्पट वाढल्यावरच. लिव्हरचं तसं नाही. लहान मुलांत बरगडीखाली एक-दोन सेंटिमीटर लिव्हर लागणं नॉर्मल आहे. मोठ्या माणसात दमा किंवा जुन्या धूम्रपानाने फुप्फुसं फुगलेली असली तर लिव्हर नुसतं खाली ढकललेलं असतं, वाढलेलं नसतं. आणि कड कशी लागते हे आकाराइतकंच महत्त्वाचं. मऊ आणि दाबल्यावर दुखणारी कड असेल तर ताजी कावीळ, आमांशाच्या जंतूमुळे झालेलं गळू, किंवा हृदय थकून रक्त तुंबलेलं. कडक, धारदार असेल तर आत वण पडलेत. ओबडधोबड, दगडासारखी असेल तर काळजी.

सोनोग्राफीचे आकडे कसे वाचायचे तेही सांगतो. मोठ्या माणसाची पांथरी 12-13 सेंटिमीटरपर्यंत असते, लिव्हर 15-16 पर्यंत. पण सहा फुटी माणसाची पांथरी आणि पाच फुटी बाईची पांथरी सारखी कशी असेल? तपासणी सहजच केलेली, रक्ताचे सगळे रिपोर्ट चांगले, काही त्रास नाही आणि पांथरी 13.2 सेंटिमीटर: अशा माणसाला मी दोन-तीन महिन्यांनी परत बघतो, दहा तपासण्या लिहून देत नाही. आकडा एकटा बोलत नाही.

तापाच्या बाजूने

आपल्याकडे ताप आणि पांथरी हे जुनं नातं आहे. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावर उत्तर भारतात कालवे काढले तेव्हा गावांत हिवताप वाढला का, हे मोजायचं होतं. तेव्हा मलेरियाचा जंतूसुद्धा माहीत नव्हता. डेम्पस्टर नावाच्या सर्जनने गावोगाव लोकांची पोटं चाचपली आणि किती जणांची पांथरी लागते ते मोजलं. पुढे दोन ते नऊ वर्षांच्या मुलांत शंभरात किती पांथऱ्या वाढलेल्या, यावरून गावातला मलेरिया ठरवायची रीत जगभर गेली. रक्ताचा थेंब न काढता केलेलं सर्वेक्षण.

याच वाढलेल्या पांथरीची एक काळी बाजू आहे. फुगलेली पांथरी नाजूक असते, लाथेने फुटते आणि माणूस आतल्या आत रक्तस्राव होऊन मरतो. आग्र्यात फुलर नावाच्या इंग्रज वकिलाने आपल्या सईसाला, म्हणजे घोडा सांभाळणाऱ्या नोकराला, मारलं, तो मेला, पांथरी फुटल्याचं निघालं आणि मॅजिस्ट्रेटने फुलरला 30 रुपये दंड केला. 1876 मध्ये व्हाइसरॉय लिटनने त्यावर जाहीर नाराजी नोंदवली म्हणून हे प्रकरण इतिहासात राहिलं. पण "त्याची पांथरीच वाढलेली होती" हा बचाव इंग्रज आरोपींनी त्या काळात अनेकदा वापरला. वैद्यकीय भाग मात्र आजही खरा आहे: पांथरी वाढलेल्या मुलाला कबड्डी, कुस्ती, झाडावर चढणं बंद, आणि डाव्या बाजूला मार लागून पोट किंवा डावा खांदा दुखायला लागला तर थेट मोठ्या हॉस्पिटलात.

आज महाराष्ट्रात मलेरिया म्हटलं की गडचिरोली आधी आठवते, पण मुंबईतल्या बांधकामांवरही तो आहे. थंडी वाजून ताप, फिकट चेहरा, पांथरी हाताला लागतेय: रक्ताची काच आधी, म्हणजे रक्ताचा थेंब काचपट्टीवर पसरून सूक्ष्मदर्शकाखाली बघायचा. टायफॉइडमध्ये पहिल्या आठवड्याच्या अखेरीस मऊ पांथरी लागते. डेंग्यूत लिव्हर दोन सेंटिमीटरपेक्षा जास्त खाली आलं तर ते धोक्याच्या चिन्हांपैकी एक धरतात. कोकणात भातलावणीच्या दिवसांत ताप, लाल डोळे, पोटऱ्या दुखणं आणि कावीळ दिसली तर लेप्टो. क्षयाचे जंतू रक्तातून पसरले तरी दोन्ही अवयव वाढतात. आठवडेच्या आठवडे संध्याकाळचा ताप आणि वजन उतरणं ही त्याची खूण.

काळा आजार महाराष्ट्राचा नाही. तो बिहार, झारखंड, बंगाल आणि पूर्व उत्तर प्रदेशाचा. वाळूमाशी चावून होणाऱ्या या रोगात पांथरी ओटीपोटापर्यंत जाते. पण माणसं कामाला इथे येतात, म्हणून महिनाभर ताप असलेल्या कामगाराला "गाव कोणतं?" हे विचारलंच पाहिजे. एका प्रश्नाने पुढच्या दहा तपासण्या वाचतात. निदान बोटाच्या रक्ताच्या पट्टीवर होतं आणि बहुतेकांना अँफोटेरिसिनचं एक सलाइन पुरतं. शंभर वर्षांपूर्वी कोलकात्यात उपेंद्रनाथ ब्रह्मचारींनी युरिया स्टिबामाइन शोधलं नव्हतं तोवर या आजाराचे बहुतेक रोगी मरत असत.

प्लेटलेट कमी, पपईचा रस आणि दडलेलं लिव्हर

दर पावसाळ्यात हा माणूस दिसतो. वय पन्नाशीच्या आसपास. दोन दिवस ताप आला म्हणून रक्त तपासलं, प्लेटलेट 70 हजार. घरच्यांनी डेंग्यू ठरवला, पपईच्या पानांचा रस सुरू. ताप गेला, प्लेटलेट मात्र 70 हजारच. मागचा रिपोर्ट शोधायला सांगावं तर दोन वर्षांपूर्वीही 80 हजार. पोटाला हात लावला की डावीकडे पांथरी.

मघाशी म्हटलं होतं ना, पांथरी तिसरा हिस्सा प्लेटलेट बाळगते? ती फुगली की अर्ध्याहून जास्त प्लेटलेट तीच दाबून बसते. प्लेटलेट बनत असतात, फक्त रक्तात दिसत नाहीत. पांढऱ्या पेशी आणि हिमोग्लोबिनही असेच घटू शकतात. दोष कारखान्याचा नाही, गोदामाचा आहे. आणि गोदाम फुगलं ते पुढे लिव्हर कडक झालं म्हणून. अशा माणसाच्या लिव्हरचे एंझाइम कित्येकदा नॉर्मलच्या आसपास असतात, त्यामुळे "एलएफटी (लिव्हरची रक्ततपासणी) तर चांगली आहे" म्हणून सगळे निवांत राहतात.

लिव्हर कडक होण्याची कारणं ओळखीची: दारू, हेपटायटिस बी, हेपटायटिस सी, आणि आता सगळ्यात वेगाने वाढणारं फॅटी लिव्हर. फॅटी लिव्हरमध्ये सुरुवातीला बहुधा लिव्हरच वाढतं. फॅटी लिव्हरच्या रिपोर्टवर पांथरीही वाढलेली दिसली तर 'ग्रेड वन आहे, सगळ्यांनाच असतं' म्हणून सोडू नये. फायब्रोस्कॅन करून कडकपणा मोजावा. हे यंत्र पोटावरून टिचकी मारल्यासारखं करतं आणि लाट किती वेगाने गेली त्यावरून लिव्हर किती ताठरलंय ते सांगतं. सुई नाही, दुखणं नाही.

इथे एक चकवा आहे. सिरोसिस, म्हणजे वण पडून लिव्हर कडक होणं, पुढे गेला की लिव्हर आकसतं. आधी 17 सेंटिमीटर असलेलं लिव्हर दोन वर्षांनी 12 वर आलं, म्हणून पेढे घेऊन आलेले नातेवाईक मी पाहिलेत. पांथरी त्याच काळात वाढलेली होती आणि पोटात पाणी व्हायला लागलं होतं. लिव्हर लहान होणं आणि लिव्हर सुधारणं या वेगळ्या गोष्टी आहेत.

रक्तातच दोष असेल तर

तांबड्या पेशी मुळातच वाकड्या किंवा कमकुवत असतील तर पांथरीला उसंत नसते. थॅलेसीमिया मेजर या जन्मजात रक्तदोषाच्या बाळाला सहा महिने ते दोन वर्षांच्या दरम्यान फिकटपणा येतो, पोट वाढतं. हाडांतला मगज पुरत नाही म्हणून लिव्हर आणि पांथरी स्वतः रक्त बनवायला लागतात, जे काम त्यांनी जन्माआधीच सोडून दिलेलं असतं.

सिकलसेल, म्हणजे तांबड्या पेशी विळ्यासारख्या वाकण्याचा आजार, हा तर आपल्या दारातला. विदर्भात, नंदुरबारात, मेळघाटात, आदिवासी समाजांत आणि काही इतर समाजांतही तो आहे. पाश्चात्त्य पुस्तकांत लिहिलेलं असतं की सिकलच्या रुग्णाची पांथरी वारंवार रक्तपुरवठा तुटून लहानपणीच सुकून जाते. आपल्याकडच्या रुग्णांत गर्भावस्थेतलं हिमोग्लोबिन बरंच टिकून राहतं, त्यामुळे अनेकांची पांथरी सुकत नाही, उलट मोठ्या वयापर्यंत वाढलेली राहते. पुस्तक वाचून आलेला नवा डॉक्टर इथे गोंधळतो.

सिकलच्या लहान मुलांत एक गोष्ट अचानक घडते: काही तासांत शरीरातलं बरंचसं रक्त पांथरीत अडकून बसतं. मूल पांढरंफटक, मलूल, पोट डावीकडे टम्म. म्हणून सिकलच्या बाळाच्या आईला पांथरी चाचपायला शिकवतात. मूल निजलेलं असताना, डाव्या बरगडीखाली चार बोटं, रोज तीच जागा. रोज दोन बोटं लागणारी पांथरी आज चार बोटं लागली आणि ओठ पांढरे दिसले, की सकाळपर्यंत थांबायचं नाही. शाळा न शिकलेल्या आया हे अचूक करतात. 2023 मध्ये केंद्र सरकारने सिकलसेल निर्मूलनाची मोहीम सुरू केली, त्यात 40 वर्षांपर्यंतच्या लोकांची तपासणी आहे. पण रात्री दोन वाजता उपयोगी पडतात ती आईची बोटं.

कॅन्सरचं थोडक्यात. बेंबी ओलांडून गेलेली पांथरी आणि पांढऱ्या पेशी लाखाच्या वर असतील तर क्रॉनिक मायलॉइड ल्युकेमियाचा विचार होतो. नाव भयंकर आहे, पण 2001 मध्ये इमॅटिनिबची गोळी आली आणि हा आजार रोज गोळी घेऊन वर्षानुवर्षं जगण्याचा झाला. भारतात तिची स्वस्त जेनेरिक मिळते. मूळ कंपनीचा पेटंटचा दावा सर्वोच्च न्यायालयाने 1 एप्रिल 2013 रोजी फेटाळला, तो याच औषधाचा खटला. लहान मुलांत फिकटपणा, अंगावर निळे डाग, हाडं दुखणं आणि गाठी यांच्याबरोबर पांथरी लागली तर मात्र त्याच दिवशी रक्ताची काच बघायची.

पुण्याच्या पितळी भांड्याची गोष्ट

अवयवांत काहीतरी साठून ते वाढणं हा आणखी एक प्रकार. गोशे नावाच्या आजारात एका एंझाइमच्या अभावी चरबीसारखा पदार्थ साठतो. विल्सनच्या आजारात तांबं. हे दुर्मीळ. पण तांब्यावरून एक गोष्ट सांगितल्याशिवाय राहवत नाही, कारण ती इथली आहे.

आजीच्या पिढीला विचारा. "त्याला लिव्हर झालं होतं" असं त्या एखाद्या गेलेल्या मुलाबद्दल सांगतात. सहा महिने ते तीन वर्षांचं मूल, चिडचिडं, पोट मोठं, लिव्हर कडक आणि धारदार, पांथरीही वाढलेली, मग कावीळ, पोटात पाणी आणि काही महिन्यांत मृत्यू. एका घरात दोन-दोन मुलं जायची, म्हणून लोक आनुवंशिक समजायचे, नाहीतर दृष्ट. वैद्यकात नाव होतं इंडियन चाइल्डहुड सिरोसिस. या मुलांच्या लिव्हरमध्ये तांब्याचं प्रमाण अफाट सापडत होतं, पण ते कुठून येतं?

पुण्याच्या केईएम हॉस्पिटलमधले डॉ. आनंद पंडित आणि डॉ. शीला भावे, त्यांच्याबरोबर ब्रिटिश डॉक्टर स्टुअर्ट टॅनर यांनी स्वयंपाकघरात पाहिलं. आजारी पडलेल्या मुलांना वरचं दूध लवकर सुरू झालं होतं आणि ते दूध पितळी भांड्यात तापवून त्यातच ठेवलेलं असायचं. पितळ म्हणजे तांबं आणि जस्त. दुधातली प्रथिनं तांबं धरून ठेवतात. अंगावर पिणाऱ्या मुलांत हा आजार फारसा नव्हता. 1983 मध्ये हे लॅन्सेट या वैद्यकीय नियतकालिकात छापून आलं. पितळेच्या भांड्याला कल्हई असती तर तांबं दुधात उतरलं नसतं. गल्लीतून ओरडत जाणारा कल्हईवाला काय राखत होता, हे त्यालाही माहीत नसेल. पुढे स्टील आलं, सल्ला पोचला, आणि हा आजार इतका कमी झाला की आजच्या अनेक बालरोगतज्ज्ञांनी तो पाहिलेला नाही. सुरुवातीच्या अवस्थेत पेनिसिलामाइन हे तांबं बाहेर काढणारं औषध देऊन काही मुलं वाचलीही.

अलीकडे तांब्या-पितळेची भांडी पुन्हा कौतुकाने घेतली जातात. घ्या, पण बाळाचं दूध त्यात ठेवू नका.

तपासण्यांचा क्रम आणि उपचार

आधी प्रश्न. ताप किती दिवस, दारू किती आणि किती वर्षं, कधी रक्त चढवलं का, आई-वडील नात्यातले का, घरात कुणाला सिकल किंवा थॅलेसीमिया, कोणती औषधं चालू आहेत. 'आयुर्वेदिक आहे, त्याला साइड इफेक्ट नाही' म्हणून लोक हे सांगतच नाहीत. कोविडच्या काळात मुंबईतल्या डॉक्टरांनी गुळवेल घेतल्यानंतर लिव्हरला इजा झालेले रुग्ण नोंदवले. आयुष मंत्रालयाने तो निष्कर्ष मानला नाही. वाद असू द्या, पण काय घेताय ते सांगा.

मग सीबीसी (रक्तपेशींची मोजणी), आणि मशीनच्या आकड्यांवर न थांबता काच: पेशी डोळ्यांनी बघितल्यावर मलेरिया, सिकल, ल्युकेमिया तिघेही सापडू शकतात. एलएफटी, हेपटायटिस बी आणि सी, एचआयव्ही. सोनोग्राफी केलीच असेल तर पोर्टल व्हेनमधला रक्तप्रवाह दाखवणारा डॉपलरही. एवढ्यात बहुतेकांचं उत्तर मिळतं. न मिळालं तर एंडोस्कोपी, मगजाची तपासणी, लिव्हरचा तुकडा, जनुकीय चाचणी. पांथरीला सुई टोचणं शक्यतो टाळतात, ती रक्ताने भरलेली पिशवी आहे.

उपचार कारणाचे. व्हायवॅक्स जातीच्या मलेरियात तीन दिवसांच्या गोळ्यांनी ताप जातो, पण लिव्हरमध्ये दडलेले जंतू मारायला 14 दिवस प्रायमाक्विन लागतं. ते अर्धवट सोडणं हे पुन्हा पुन्हा ताप येण्याचं नेहमीचं कारण. मात्र ते देण्याआधी जी6पीडी (तांबड्या पेशींतलं एक एंझाइम) तपासून घेतलेलं बरं. हेपटायटिस सी बहुतेकांत 12 आठवड्यांच्या गोळ्यांनी कायमचा बरा होतो आणि 2018 पासून राष्ट्रीय कार्यक्रमात ती औषधं सरकारी केंद्रांवर मोफत आहेत. हेपटायटिस बी पूर्ण जात नाही, पण टेनोफोव्हिर त्याला दाबून ठेवतं. फॅटी लिव्हरला वजनाच्या सात ते दहा टक्के घट. 80 किलोच्या माणसाने सहा ते आठ किलो. सिकलला हायड्रॉक्सियुरिया, थॅलेसीमियाला रक्त आणि साठलेलं लोह काढायचं औषध, जमल्यास मगज प्रत्यारोपण. गोशेला बाहेरून एंझाइम, जे भयंकर महाग. 2021 च्या दुर्मीळ आजार धोरणाखाली मुंबईच्या केईएमसारख्या केंद्रांतून मदतीचा अर्ज करता येतो. पोर्टल दाब वाढलेल्यांना नाडी मंदावणाऱ्या गोळ्या आणि अन्ननलिकेतल्या फुगलेल्या शिरांना रबरी कडी. दारूबद्दल वेगळं काय सांगू. 'कमी केलीय' हा उपचार नाही.

लिव्हर टॉनिक? बाटली रंगीत असते. त्यापलीकडे माझ्याकडे सांगण्यासारखं काही नाही.

पांथरी काढून टाकणं हा शेवटचा मार्ग. थॅलेसीमियात रक्त फारच वारंवार लागायला लागलं, सिकलच्या मुलात रक्त अडकण्याचे झटके पुन्हा आले, किंवा पांथरी फुटली, तर काढतात. जमेल तितकं मूल पाच-सहा वर्षांचं होईपर्यंत थांबतात, कारण पांथरी नसलेल्या शरीराला न्यूमोकोकससारखे जंतू काही तासांत लोळवू शकतात. शस्त्रक्रियेआधी किमान दोन आठवडे न्यूमोकोकस, मेनिन्जोकोकस आणि हिब (हिमोफिलस इन्फ्लुएंझा बी) या जंतूंच्या लशी द्यायच्या असतात. पांथरी काढलेल्या माझ्या रुग्णांना मी एक चिठ्ठी लिहून देतो, पाकिटात आधार कार्डाच्या मागे ठेवायला. तिच्यावर तीनच गोष्टी आहेत: पांथरी काढल्याची तारीख, लशींच्या तारखा, आणि खाली मोठ्या अक्षरांत, 'ताप आला तर अँटिबायोटिकचा पहिला डोस लगेच, मग दवाखाना.'